दहांतला एक

मे महिन्याच्या सुट्टीत नातवंडे आजोळी आली, की घरातली कपाटे आपोआप उघडतात. डोंबिवलीच्या एका दोन खोल्यांच्या घरात २०२५ च्या मे महिन्यात तसेच झाले. बंगळूरहून आलेल्या नऊ वर्षांच्या नातवाने पहिल्या दोन दिवसांत आजीच्या शिवणाच्या डब्यापासून देवघराखालच्या खणापर्यंत सगळे धुंडाळले. तिसऱ्या दिवशी दुपारी, मोठी माणसे जरा आडवी झालेली असताना, त्याने लोखंडी कपाटाच्या सर्वांत खालच्या कप्प्यातून जुन्या ब्लाऊजपिसात गुंडाळलेली एक वस्तू बाहेर काढली.

"आजोबा, हे काय आहे?"

आजोबांनी चष्मा लावला आणि काही क्षण ते बोललेच नाहीत. आजीनेच स्वयंपाकघरातून उत्तर दिले, "तुझ्या आईचं आहे ते. ठेव जागेवर."

पण नातवंडे कधी वस्तू जागेवर ठेवतात का?

ती वस्तू म्हणजे सोनी कंपनीचा पीएसपी, म्हणजे प्लेस्टेशन पोर्टेबल. हातात धरून खेळायचे हे यंत्र २००४ च्या डिसेंबरात जपानमध्ये पहिल्यांदा विक्रीला आले. जेमतेम सव्वाचार इंचांचा पडदा, दोन्ही बाजूंना बटणे आणि पाठीमागे प्लास्टिकच्या कवचातली इवलीशी डिस्क घालायला दार. त्या काळात हे यंत्र हातात असणे म्हणजे कॉलेजच्या कट्ट्यावर मोठा रुबाब. या घरात ते २००८ च्या दिवाळीला आले. लेक बारावीला चांगल्या गुणांनी पास होऊन इंजिनीअरिंगला लागली होती. दूरध्वनी खात्यात तंत्रज्ञ असलेल्या बाबांनी बोनसमध्ये आणखी पदरचे घालून तिला ते घेऊन दिले. आईने नाक मुरडले. "मुलीला कुणी खेळणं देतं का या वयात? त्यापेक्षा कानातलं केलं असतं." लेकीने मात्र त्या दिवशी बाबांच्या गळ्यात हात टाकले होते, हे आईलाही आठवते.

पुढच्या वर्षी ग्रॅन टुरिस्मो हा गाड्यांच्या शर्यतींचा खेळ निघाला. त्याची डिस्कही बाबांनीच रीतसर, पावती घेऊन आणली. आठशेहून जास्त गाड्या त्या एका डिस्कमध्ये होत्या. शर्यत जिंकली की पैसे मिळायचे, पैशांतून नवी गाडी घ्यायची, ती आपल्या गॅरेजमध्ये लावायची. घरात बाबांची एक जुनी स्कूटर सोडली तर चाकांचे दुसरे वाहन नव्हते. रात्री जेवणानंतर लेक बाबांना आपले गॅरेज दाखवायची आणि बाबाही कौतुकाने बघायचे.

मग २०१० चा मार्च आला.

एका रविवारी बाबांनी सहज ते यंत्र हातात घेतले, तर पडद्यावर दहा खेळ. डिस्क तर घरात एकच होती. विचारल्यावर लेकीने सांगून टाकले. मैत्रिणींबरोबर ती लॅमिंग्टन रोडला गेली होती. तिथल्या एका दुकानदाराने यंत्र 'क्रॅक' करून दिले होते आणि कार्डावर खेळ भरून दिले होते.

"पैसे कोणाला दिलेस?"

"दुकानदाराला."

"आणि ज्यांनी खेळ बनवले त्यांना?"

याला तिच्याकडे उत्तर नव्हते. बाबांचा स्वभाव असा, की खात्याच्या फोनवरून घरचा एक कॉलही त्यांनी कधी केला नाही. त्यांच्या लेखी ही सरळ चोरी होती. ते रागावले आणि रागाच्या भरात बोलून गेले, "चोरीचा माल माझ्या घरात नको." लेक रडत म्हणाली, "बाबा, त्या दहांतला एक तर आपलाच आहे! आपल्याच डिस्कची कॉपी करून घेतलीये. डिस्क सारखी फिरवावी लागत नाही, बॅटरी जास्त टिकते." बाबांनी ऐकले नाही. तंत्रज्ञच ते. त्याच रात्री त्यांनी यंत्र संगणकाला जोडले, खेळांचा सगळा फोल्डर पुसून टाकला आणि कंपनीचे नवे अधिकृत फर्मवेअर त्यावर चढवले. यंत्र पुन्हा 'शुद्ध' झाले. सकाळी ते त्यांनी टेबलावर ठेवले, पण लेकीने त्याला हात लावला नाही. त्या दिवशीही नाही आणि नंतरही नाही. महिन्याभराने आईने ते ब्लाऊजपिसात गुंडाळून कपाटात ठेवले.

पुढे लेक शिकली, नोकरीला लागली, लग्न होऊन बंगळूरला गेली. बापलेकीत अबोला असा कधी झाला नाही. फोन यायचे, दिवाळीला येणेजाणे व्हायचे. फक्त त्या यंत्राचा विषय पंधरा वर्षांत कोणी काढला नाही. प्रत्येक घरात असा एखादा विषय असतो.

इथे फर्मवेअर म्हणजे काय ते थोडे सांगायला हवे, कारण सगळे रामायण त्यावरूनच घडले. यंत्राच्या पोटात कायमची लिहून ठेवलेली आज्ञावली म्हणजे फर्मवेअर. बटण दाबल्यावर काय करायचे, डिस्क कशी वाचायची, हे ती ठरवते. तिचे आणखी एक काम म्हणजे राखणदारी. सोसायटीच्या दारावरचा वॉचमन जसा अनोळखी माणसाला अडवतो, तसे हे फर्मवेअर प्रत्येक कार्यक्रमावर कंपनीचा गुप्त सही-शिक्का आहे का ते तपासते. शिक्का नसेल तर प्रवेश नाही. कस्टम फर्मवेअर म्हणजे बाहेरच्या हुशार लोकांनी त्यात फेरफार करून तयार केलेली आवृत्ती. यात वॉचमन तोच, पण यंत्राच्या मालकाने 'याला येऊ दे' म्हटले की तो बाजूला होतो.

पीएसपीच्या बाबतीत हा उंदीर-मांजराचा खेळ वर्षानुवर्षे चालला. पहिल्यावहिल्या आवृत्तीत तर वॉचमन जवळजवळ झोपलेलाच होता. कंपनीने भोके बुजवली की कोणीतरी नवे भोक शोधून काढी. एकदा तर चक्क पडद्यामागे लावायच्या चित्राच्या फाईलमधून आत शिरण्याची वाट निघाली. २००६ मध्ये डार्क अ‍ॅलेक्स या टोपणनावाने काम करणाऱ्या स्पेनमधल्या एका प्रोग्रामरने वापरायला सोपे असे कस्टम फर्मवेअर दिले आणि ते जगभर पसरले. पण सगळ्यांत चमत्कारिक गोष्ट २००७ च्या ऑगस्टमधली. पीएसपीच्या बॅटरीत एक छोटी चिप असते आणि तिच्यात बॅटरीचा क्रमांक असतो. तो क्रमांक विशिष्ट प्रकारे बदलला, की यंत्राला वाटते आपण दुरुस्ती केंद्रात आलो आहोत, आणि ते नेहमीची आज्ञावली सोडून सरळ कार्डावरून सुरू होते. कंपनीने दुरुस्तीसाठी ठेवलेले हे मागचे दार होते. बॅटरीला लोकांनी नाव दिले पँडोरा. लॅमिंग्टन रोडच्या दुकानदाराने लेकीच्या यंत्रावर वापरली ती हीच युक्ती.

या सगळ्यामागे नुसते चोरटेच होते असे मात्र नाही. कित्येकांना स्वतः बनवलेले छोटे कार्यक्रम आणि खेळ या यंत्रावर चालवायचे होते. पण त्याच वाटेने फुकटचे खेळही धो धो आले, आणि खेळ बनवणाऱ्यांचे त्यात नुकसान झाले, हेही नाकारता येत नाही. बाबांचा राग काही अगदीच अस्थानी नव्हता.

आता नातवाला ते यंत्र चालू करून हवे होते. पाठीमागचे झाकण उघडायची गरजच नव्हती, ते आपोआपच वर आले होते. बॅटरी फुगून उशीसारखी झाली होती. पीएसपीच्या जुन्या बॅटऱ्यांना हा रोगच आहे. आजीला वाटले दाबून बसवावे. बाबा ओरडलेच, "हात लावू नकोस! भोक पडलं तर पेट घेईल." त्यांनी ती हलकेच काढून ई-कचरा घेणाऱ्याकडे पोचवली. (जुने फोन आणि खेळणी कपाटात असतील तर वाचकांनीही एकदा बघून घ्यावे. फुगलेली बॅटरी टोचू नये, चार्ज करू नये, घरच्या कचऱ्यात टाकू नये.)

बॅटरीशिवाय, नुसत्या चार्जरवर यंत्र सुरू झाले! पंधरा वर्षे झोपून उठल्यासारखे त्याने आधी तारीख-वेळ विचारली. नातवाने टाळ्या वाजवल्या. पण ग्रॅन टुरिस्मोची डिस्क आत घातली तर नुसती कुरकुर झाली आणि पडदा तसाच. डिस्क वाचणारी लेन्स गेली होती.

"मग डाउनलोड करा ना, आजोबा."

बाबांनी तेही करून पाहिले. घरच्या वाय-फायला ते जोडलेच जाईना. आजच्या राउटरची सुरक्षापद्धत त्या बिचाऱ्याला ठाऊकच नाही. आणि जोडले गेले असते तरी उपयोग नव्हता. या यंत्राचे उत्पादन २०१४ मध्ये थांबले आणि जुलै २०२१ पासून त्यावरून नवा खेळ विकत घेण्याची सोयही कंपनीने बंद केली. पैसे द्यायला तयार असलेल्या माणसालाही सरळ मार्गाने खेळ मिळू नये, हे बाबांना खटकले. पावती फाइलमध्ये होती. डिस्क हातात होती. यंत्र चालू होते. आणि खेळ तेवढा बंद.

उरला एकच उपाय, आणि तो कोणता हे त्यांना पहिल्या दिवशीच कळले होते. डिस्कची प्रत कार्डावर घ्यायची आणि कस्टम फर्मवेअर घालून ती चालवायची. म्हणजे जे लेकीने केले होते तेच.

तीन रात्री ते संगणकापुढे बसून वाचत होते. कायदाही त्यांनी पाहिला. त्याशिवाय पाऊल टाकणाऱ्यांतले ते नव्हेतच. आपल्या कॉपीराइट कायद्यात २०१२ साली ६५अ हे कलम आले. हक्कभंग करण्याच्या हेतूने असे तांत्रिक कुलूप तोडले, तर दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड होऊ शकतो. 'हेतूने' या शब्दाखाली बाबांनी पेन्सिलीने रेघ मारली. त्याच कायद्याच्या ५२ व्या कलमात, कायदेशीरपणे जवळ असलेल्या संगणक-कार्यक्रमाची प्रत नुकसानीपासून बचाव म्हणून करून ठेवायला मुभा आहे. अमेरिकेत १९९८ चा कायदा अधिक कडक. तिथे फोनचे असे कुलूप उघडायला २०१० मध्ये सूट मिळाली, पण खेळाच्या यंत्रांसाठी तीच मागणी २०१२ मध्ये फेटाळली गेली. फोन आणि खेळण्यात हा भेद का, याचा उलगडा सामान्य माणसाला होणे कठीण. २०२३ मध्ये तिथल्या व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने पाहणी केली, तेव्हा २०१० पूर्वीच्या खेळांपैकी ८७ टक्के खेळ बाजारात विकत मिळतच नाहीत असे आढळले. म्हणजे ज्याची डिस्क बिघडली, त्याचा खेळ गेलाच म्हणायचा.

चौथ्या दिवशी बाबा डिस्क आणि यंत्र पिशवीत घालून निघाले. दादरला गाडी बदलून ग्रँट रोडला उतरले आणि लॅमिंग्टन रोडवर आले. महापालिकेच्या पाटीवर त्याचे नाव डॉ. भडकमकर मार्ग, पण त्या नावाने विचारले तर निम्मे लोक चुकीचा रस्ता दाखवतील. चार दुकानांत नकार मिळाल्यावर एका गल्लीत जिन्याखालच्या टपरीवजा दुकानात एक मध्यमवयीन कारागीर भेटला. त्याच्याकडे डिस्क वाचणारा एक चालू पीएसपी होता आणि नवी बॅटरीही.

"काका, एवढ्यासाठी डोंबिवलीहून आलात? द्या कार्ड, पन्नास खेळ टाकून देतो. जुने आहेत, कोण विचारतंय?"

"नको. एकच. माझ्या डिस्कमधला."

"अहो, तोच इथे तयार आहे. दोन मिनिटांत टाकतो."

"तो कोणाच्या डिस्कमधला ते मला माहीत नाही. माझी डिस्क घाला."

कारागिराने त्यांच्याकडे निरखून पाहिले. असा गिऱ्हाईक त्याच्या दुकानात फारसा येत नसावा. पण त्याने मुकाट्याने डिस्क आपल्या यंत्रात घातली, संगणकाला जोडली आणि प्रत सुरू केली. पंधराएक मिनिटे लागली. तेवढ्यात त्याने चहा मागवला आणि चहाचे पैसे बाबांना देऊ दिले नाहीत.

परतीच्या गाडीत बाबांना बसायला जागा मिळाली होती. कल्याणची गाडी, दुपारची वेळ. हातात कार्ड आणि कार्डावर एकच खेळ. दहांतला एक. त्या रात्री फोल्डर पुसताना नावे एकदा वाचली असती, तर कळले असते. नऊ पुसायला हवे होते आणि एक ठेवायला हवा होता, इतकीच गोष्ट होती.

घरी आल्यावर मात्र त्यांचा हात थबकला. कस्टम फर्मवेअर घालण्याआधी यंत्रावर कंपनीचीच २०१५ सालची शेवटची अधिकृत आवृत्ती, ६.६१, चढवावी लागते. हे काम चालू असताना वीज गेली, तर आज्ञावली अर्धवट राहते आणि यंत्र कधीच सुरू होत नाही. अशा मेलेल्या यंत्राला जगभर 'वीट' म्हणतात. म्हणूनच बॅटरी चार्ज नसेल, तर यंत्र स्वतःच हे काम सुरू करू देत नाही. नवी बॅटरी होती, पण मे महिन्यातली वीज आणि अनोळखी कंपनीची बॅटरी, दोन्हींचा भरवसा काय धरायचा? आणि यंत्र होते लेकीचे. तिला न विचारता त्यावर एकदा हात चालवून झाला होता.

रात्री साडेनऊला त्यांनी बंगळूरला फोन लावला.

"अगं, तुझा तो पीएसपी निघालाय कपाटातून."

पलीकडे शांतता.

"डिस्क वाचत नाही. कॉपी करून आणलीये आज. आपल्या डिस्कची. आता ते... ते कस्टम फर्मवेअर घालावं म्हणतो. तुझी हरकत नसेल तर."

शांतता इतकी लांबली, की फोन तुटला असे वाटून त्यांनी "हॅलो" म्हटले. मग लेकीचा आवाज आला. थोडा दाटलेला, थोडा हसणारा. "बाबा, तुम्ही? लॅमिंग्टन रोडला गेला होतात?"

"हो. चहा पाजला त्याने."

मग ती खळखळून हसली. आई धावत आली, काय झाले म्हणून. लेकीने व्हिडिओ कॉल लावला आणि पुढचा तासभर बापलेक मान खाली घालून कामाला लागले. तिने आधी कार्डावरचे सगळे संगणकावर उतरवून घ्यायला सांगितले. बाबा म्हणाले, ते पहिल्या दिवशीच केले. "तुमच्याकडूनच शिकले मी ते," ती म्हणाली. आईने पंखा बंद केला, जणू त्याने वीज वाचून यंत्राला मिळणार होती. ६.६१ चढताना पडद्यावरचा आकडा शंभरावर पोचेपर्यंत घरात कोणी हलले नाही.

कस्टम फर्मवेअरचे दोन प्रकार आहेत. एक कायमचा बसणारा आणि दुसरा यंत्र पूर्ण बंद केले की निघून जाणारा. दुसऱ्या प्रकारात यंत्र नव्याने सुरू केले, की दरवेळी एक छोटा कार्यक्रम चालवावा लागतो. बाबांनी तो दुसरा निवडला. "भाड्याच्या घरात खिळा ठोकायचा नाही," ते म्हणाले. "बाबा, हे घर भाड्याचं नाही, विकत घेतलेलं आहे. पावती आहे तुमच्याकडे," लेक म्हणाली. बाबा यावर काही बोलले नाहीत, पण निवड बदलली नाही.

खेळ सुरू झाला तेव्हा साडेदहा वाजून गेले होते. नातवाला उठवायचे नाही असे आजीचे फर्मान होते, पण तो झोपलाच नव्हता. यंत्राने कार्डावरचा जुना साठा शोधला. त्या रात्री बाबांनी खेळांचा फोल्डर पुसला होता, पण साठवलेल्या प्रगतीचा फोल्डर वेगळा असतो, तो तसाच राहिला होता. पडद्यावर लेकीचे गॅरेज उघडले. नातू एकेक गाडी मोजत गेला.

"आजोबा, आईकडे तेवीस गाड्या आहेत! तेवीस! आणि आपल्याकडे एकच?"

"ते जाऊ दे," फोनमधून लेक म्हणाली. "यातली कोणतीही चालव. फक्त त्या लाल सुझुकीला हात लावू नकोस, ती आजोबांसाठी घेतली होती."

बाबांनी चष्मा काढून सदऱ्याच्या टोकाने पुसला, पुन्हा लावला आणि नातवाला म्हणाले, "दाखव बरं कुठली ती."